रविवारची कहाणी आणि ऐकणाऱ्याचे तीन मोती

गेल्या पावसाळ्यात आमच्या धर्मग्रामातील, महाविद्यालयात शिकणाऱ्या एका तरुणाने एक जाडजूड कादंबरी आम्हांस वाचावयास आणून दिली. कॉर्नेलिया फुंके या जर्मन लेखिकेची ही कादंबरी मूळ भाषेत २००३ साली प्रसिद्ध झाली. ‘इंकहार्ट’ या नावाने तिचा इंग्रजी अनुवाद मिळतो. पुस्तकबांधणीचा व्यवसाय करणारा एक बाप तिच्यात आहे. तो मोठ्याने वाचू लागला की कथेतील माणसे पानांतून उठून त्याच्या खोलीत येऊन उभी राहतात. परंतु हा व्यवहार फुकटचा नव्हे. आतून कोणी बाहेर आले की बाहेरचे कोणी आत ओढले जाते, आणि अशाच एका रात्री त्याची पत्नी पुस्तकात नाहीशी झालेली असते. पुस्तक परत नेताना तरुणाने विचारले, ‘‘फादर, गोष्ट सांगितल्याने खरे जगच बदलते, असे काही आपल्या मराठीत आहे का?’’ आम्ही म्हणालो, ‘‘आहे. श्रावणातल्या रविवारी तुझ्या शेजारच्या घरात ते वाचले जाते.’’ त्याला ती आमची थट्टा वाटली. ती थट्टा नव्हती.

श्रावणात वारावारी सांगितल्या जाणाऱ्या कहाण्या आपल्या वाचकांना ऐकून तरी ठाऊक असतील. श्रीरामपूरच्या बाजारपेठेत त्यांच्या पातळ पुस्तिका आजही मिळतात. त्यांपैकी रविवारची कहाणी आदित्यराणूबाईची. सी. ए. किंकेड या मुंबई इलाख्यातील सनदी अधिकाऱ्याने १९१४ साली या कहाण्या इंग्रजीत नेल्या आणि पुस्तकाला ‘डेक्कन नर्सरी टेल्स’ असे नाव दिले. हे नाव आम्हांस कधीच पटले नाही. या कहाण्या पाळण्यातल्या मुलांसाठी नाहीत; त्या दिवसभर राबून, उपाशीपोटी पाटावर बसलेल्या बायकांनी बायकांना सांगितलेल्या आहेत. भूक हा त्यांचा पहिला विषय आहे.

कथाभाग असा. (पाठागणिक तपशील थोडेफार निराळे आढळतात.) आटपाट नगरात एक दरिद्री ब्राह्मण असतो. रानात समिधा आणावयास गेला असता सूर्याचा वसा वसणाऱ्या देवकन्या त्याला भेटतात. त्यांच्याकडून तो वसा घेतो आणि त्याचे दिवस पालटतात. त्याच्या दोन मुलींपैकी एक राजाला दिली जाते, दुसरी प्रधानाला. बारा वर्षांनी बाप राणीच्या घरी जातो. ती पाट मांडते, पाय धुवावयास पाणी देते, फराळाचे पुढे करते. बाप म्हणतो, आधी माझी कहाणी ऐक, मग मी खाईन. राणी म्हणते, राजा शिकारीला निघाला आहे, मला आत्ता वेळ नाही. बाप रागावतो, तसाच उठतो आणि प्रधानाच्या घरी जातो. तेथली मुलगी सारे बाजूला ठेवून कहाणी ऐकते. पुढे राणीच्या घराची वाताहत होते. ती मुलांना एकामागून एक मावशीकडे पाठविते. मावशी कोहळा पोखरून, काठी पोखरून, नारळ पोखरून त्यांत मोहरा भरून देते. आणि सूर्यनारायण वेष पालटून वाटेत ते हिरावून नेतो. शेवटी राणी स्वतः बहिणीकडे जाते. बहीण तिला कहाणी सांगते, ती ऐकते, आणि गेलेले परत येते.

येथे एखाद्या सामान्य कथाकाराने पूर्णविराम दिला असता. ही कहाणी मात्र येथून उंचावते. राजाराणी आपल्या नगरीला परतू लागतात. पहिल्या मुक्कामी स्वयंपाक होतो, पाने वाढली जातात, आणि राणीला आठवते की आपण कहाणी सांगितली नाही. ती सांगते, गावात कोणी उपाशी असेल तर शोधून आणा. चाकरांना एक मोळीविक्या भेटतो. तो विचारतो, तुमची कहाणी ऐकून माझे पोट भरणार आहे का? तरी त्याला आणतात. राणीपाशी सहा मोती असतात. तीन ती त्याच्या हाती देते, तीन आपल्याकडे ठेवते, आणि कहाणी सांगते. ऐकता ऐकता त्याच्या मोळीची लाकडे सोन्याची होतात. दुसऱ्या मुक्कामी एक माळी. त्याच्या विहिरीला पाणी नाही आणि मळा पिकत नाही. तो ऐकतो आणि विहिरीला पाणी येते. तिसऱ्या मुक्कामी एक म्हातारी. तिचा एक मुलगा वनात हरवलेला, एक डोहात बुडालेला, एकाला सर्पाने डसलेले. ती ऐकते आणि तिघेही परत येतात. चौथ्या मुक्कामी भेटतो तो हातपाय नसलेला, डोळे नसलेला, केवळ मांसाचा गोळा म्हणावा असा एक जीव. तो ऐकतो आणि त्याला हातपाय फुटतात.

आता साहित्यदृष्ट्या पाहू जाता या रचनेत जे आहे ते त्या जर्मन कादंबरीत नाही, असे आमचे मत आहे. कादंबरीतील शक्ती सांगणाऱ्याच्या कंठात आहे. बापाचा आवाज दैवी. असे देणे नसलेल्याने वाचले तर काही होत नाही. कहाणीत सांगणाऱ्याला असे कोणतेही देणे लाभलेले नाही. आज दरिद्री ब्राह्मण सांगतो, उद्या प्रधानाची बायको सांगते, परवा जिने ऐकण्याचे नाकारले होते तीच राणी सांगते. सांगणारे बदलतात आणि फळात उणेअधिक होत नाही. शक्ती ऐकण्यात आहे. एक माणूस बसला आणि दुसऱ्याचे पुरते ऐकून घेतले, की तेथे काही पालटते, एवढेच कहाणीचे सारे शास्त्र.

दुसरी गोष्ट याहून सूक्ष्म. मोळीविक्याजवळ श्रद्धा नाही. त्याने वसा घेतलेला नाही, सूर्याला अर्घ्य दिलेले नाही. त्याला भूक लागली आहे आणि कहाणीने पोट भरत नाही हे तो तोंडावर सांगतो. कहाणीकाराने त्याला यासाठी एका शब्दानेही दटावलेले नाही. त्याच्या अविश्वासासकट त्याला बसविले आहे. उलट जिला शिक्षा होते त्या राणीची श्रद्धा कमी होती असे कोठेच म्हटलेले नाही. तिला वेळ नव्हता. श्रद्धेच्या मापाने कोणालाही न मोजणारी अशी कथा धर्मकथांच्या ढिगाऱ्यात विरळा.

आणि ते मोती. सहांपैकी तीन ऐकणाऱ्याला, तीन सांगणाऱ्याला, अगदी समसमान. आम्ही सेमिनरीत प्रवचनकला शिकलो तेव्हा वक्त्याचा आवाज, वक्त्याची तयारी, वक्त्याचा अभ्यास यांवर पुष्कळ तास खर्च झाले. श्रोत्याच्या श्रमाचा निम्मा वाटा असतो असे कोणी सांगितल्याचे स्मरत नाही. कहाणीने ते मोत्यांनी मोजून दिले आहे. शिवाय गंमत अशी की राणी जी कहाणी सांगते ती कोणती, हे कहाणी कोठेही उघड करीत नाही. आतली कहाणी कोरीच राहते. बहुधा हीच ती, असे आपण समजून घेतो. म्हणजे पाटावर बसलेली ऐकणारी बाई आपोआपच मोळीविक्याच्या, माळ्याच्या, म्हातारीच्या रांगेत जाऊन बसते.

दोषही सांगितले पाहिजेत. बापाचा राग आम्हांस पटत नाही. बारा वर्षांनी दारी आलेल्या पित्याने, लेक घरच्या कामात गुंतलेली पाहून, तासभर थांबावयास काय हरकत होती? आणि एका बैठकीच्या टाळाटाळीसाठी सगळ्या संसाराची धूळदाण, हे प्रमाण बसत नाही. सूर्यनारायणाने माळ्याचा नाहीतर गुराख्याचा वेष घेऊन पोरांच्या हातचा कोहळा हिसकावणे, हा भाग मुलांना हसवितो खरा, परंतु देवाच्या मोठेपणाला तो शोभत नाही. येथे कहाणी भयाचा आधार घेते. ज्या कथेत लाकडाचे सोने होण्याचे सामर्थ्य आहे तिला या धाकाची गरज नव्हती.

भयाच्या या बाजूचे अधिक ठळक रूप सत्यनारायणाच्या कथेत दिसते. साधुवाणी नावेतील धनाविषयी दंडी संन्याशाला थाप मारतो की आत वेली आणि पाने आहेत. संन्यासी म्हणतो, तसेच होवो. आणि नाव उघडून पाहिली तर खरोखरच पालापाचोळा. वाङ्मयीन कल्पना म्हणून ही फार तोलाची आहे. मोळीविक्याच्या लाकडाचे सोने होते, साधुवाण्याच्या सोन्याचा पाला होतो. एकीकडे ऐकल्याने, दुसरीकडे खोटे बोलल्याने. बोललेला शब्द माणसाला चिकटतो, ही समज दोन्हींच्या मुळाशी आहे. आमच्या हिंदू शेजाऱ्यांच्या श्रद्धास्थानांची चिकित्सा करणे हा आमचा अधिकार नव्हे आणि हेतूही नव्हे. व्हॅटिकन परिषदेने १९६५ साली अन्य धर्मांतील सत्य व पवित्र अशा कशाचाही अव्हेर करू नये असे शिकविले, त्या भूमिकेतूनच आम्ही येथे वाचतो आहोत. आम्हांस चिकित्सा करावयाची आहे ती आमच्याच घराची.

पण त्याआधी आणखी एक बाब, जी आपल्या कुटुंबांपुरती खरी आहे. ज्या घरांत या कहाण्या पाटावर बसून सांगितल्या जात, त्या घरांच्या उंबऱ्याआत आपल्या पणज्या-खापरपणज्यांपैकी बहुतेकींना प्रवेश नव्हता. मोळी त्यांच्याच डोक्यावर असे. ती अंगणात टाकावी, लांबून मिळेल ते घ्यावे आणि निघावे. गावात कोणी उपाशी असेल तर शोधून आणा, असे कहाणीतली राणी म्हणते. गावातील उपाशी माणूस कोठल्या बाजूच्या वस्तीत राहतो हे कहाणी ऐकणाऱ्या घराला पक्के ठाऊक होते, आणि तेथे बोलावणे गेले नाही. कहाणी स्वतः जितकी उदार होती तितके तिचे श्रोते झाले नाहीत. कथा जग बदलते असे म्हणताना हा अनुभवही जमेस धरला पाहिजे.

आपल्या परंपरेत याच्या नेमके उलट एक दृश्य आहे. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज येशूसंघीय १५७९ साली गोव्यास आले आणि १६१६ साली त्यांचे ‘क्रिस्तपुराण’ साष्टीतील रायतूर येथे छापले गेले. दहा हजारांहून अधिक ओव्या, रोमन लिपीत छापलेली मराठी. या ग्रंथाचा आरंभ कसा होतो ते पाहण्याजोगे आहे. नवख्रिस्ती झालेला एक ब्राह्मण पाद्रीबाबांस विचारतो की आमची जुनी पुराणे आम्हांस वर्ज्य झाली, मग त्यांच्या जागी दुसरी का देत नाही? या मागणीचे उत्तर म्हणून पुराण सुरू होते. म्हणजे येथे वक्त्याने श्रोता शोधलेला नाही. श्रोत्याने कथा मागून घेतली आहे. पुढेही ऐकणारे मधूनमधून शंका विचारतात आणि कथन त्या शंकांना उत्तर देत वळणे घेते. त्या मागणीमागचे दुःख आम्हांस दिसते. जुन्या पुराणांवरील बंदी राजसत्तेच्या जोरावर आलेली होती. कथा गेलेल्या माणसाची ती पोकळी होती, आणि कथेवाचून माणूस राहू शकत नाही हे स्टीफन्स यांनी ओळखले. १६४९ आणि १६५४ साली पुनर्मुद्रणे झाली. त्यानंतरची आवृत्ती एकदम १९०७ साली, मंगळूरला. देवनागरीत शांताराम बंडेलू यांनी ती १९५६ साली पुण्याहून आणली. मधली अडीचशे वर्षे हा ग्रंथ कशावर जगला? हाताने उतरून घेतलेल्या प्रतींवर आणि ऐकणाऱ्यांच्या कानांवर. छापखाना नसताना ऐकणारे होते. आमच्या जिल्ह्यात १९०३ साली राहुरी तालुक्यातील केंदळहून फादर हेन्री डोरिंग यांनी ‘निरोप्या’ काढला, त्या नावातही हीच जाण आहे. निरोप घेणारा कोणी नसेल तर निरोप्याला काम उरत नाही.

आता घरची गोष्ट. चर्चच्या बाकांवर मिस्सानंतर जी चिटोरी सापडतात ती वाचकांनी पाहिलीच असतील. पूर्वी ती हाताने लिहिलेली असत, मग झेरॉक्स आली, आता मोबाईलवर व्हॉट्सअपने येतात. संत यूदाची प्रार्थना, खाली सूचना: हिच्या नऊ प्रती काढून नऊ दिवस चर्चमध्ये ठेवा, नवव्या दिवशी इच्छा पूर्ण होईल. त्याखाली अमुक एकाची नोकरी लागली, तमुक एकाने प्रत फाडली आणि त्याच्या घरी मृत्यू झाला, अशा दोन ओळींच्या कथा. वर्तमानपत्रांतील छोट्या जाहिरातींतही संत यूदाचे आभार छापून येतात, कारण तसे कबूल केलेले असते. साहित्यप्रकार म्हणून पाहिले तर ही आपली कहाणीच आहे, परंतु फार दरिद्री कहाणी. तिच्यात सूर्याचा धाक तेवढा उरला आहे आणि मोती गेले आहेत. नऊ प्रती काढणारा कोणाचेच ऐकत नाही. तो ज्यांना पाठवितो त्यांची तोंडेही पाहत नाही. उपाशी माणूस कोण, याची चौकशी नाही. सांगणारा आहे, सांगण्याचा आकडा आहे, ऐकणारा कोणीच नाही.

१९९२ च्या कॅथलिक धर्मशिक्षणग्रंथात परिच्छेद २१११ मध्ये याविषयी स्पष्ट शिकवण आहे. अंतःकरणाची वृत्ती बाजूला सारून केवळ बाह्य उच्चाराला वा कृतीला फळाचे सामर्थ्य चिकटविणे ही अंधश्रद्धा होय, मग ती प्रार्थना कितीही पवित्र असो. हे आम्ही अनेकदा वेदीवरून सांगितले आहे. त्याचा परिणाम फारसा झाला नाही, आणि का झाला नाही याचे एक कारण आम्ही स्वतः आहोत.

काही वर्षांपूर्वी एका नोव्हेनाच्या प्रवचनात आम्ही एका बऱ्या झालेल्या मुलाची हकीकत सांगितली. ती आम्ही दुसऱ्याकडून ऐकली होती. दाखला पाहिला नव्हता, कुटुंबास भेटलो नव्हतो. हकीकत रंगली. हरेगावच्या मतमाउलीचा यात्राकाळ जवळ आला की आमच्या या भागात अशा हकीकतींना बहर येतो, आणि त्यांतल्या कित्येक कळकळीच्या असतात हेही आम्ही जाणतो. प्रवचन संपल्यावर एक बाई साक्रिस्तीच्या दाराशी उभ्या होत्या. त्यांचा मुलगा त्याच उन्हाळ्यात गेला होता. त्यांनीही नोव्हेना केली होती, अनवाणी चालत गेल्या होत्या, नवस बोलल्या होत्या. नात्यातल्या कोणीतरी त्यांना सांगितले होते की तुझा विश्वास कमी पडला. त्यांनी आम्हांला शांतपणे विचारले, ‘‘फादर, त्या बाईने केलं आणि मी नाही केलं, असं काय राहिलं?’’

आमच्यापाशी उत्तर नव्हते. खरे म्हणजे उत्तर आम्हीच नुकतेच मंचावरून चुकीचे दिले होते. बरे झालेल्याची कथा सांगितली की न बरे झालेल्याची कथा आपोआप ऐकू येते, आणि ती बोलणाऱ्याच्या नकळत दोषारोपाची असते. योहानकृत शुभवर्तमानाच्या नवव्या अध्यायात जन्मांध माणसाला पाहून शिष्य विचारतात, पाप कोणाचे, याचे की याच्या आईबापांचे? येशू दोन्ही नाकारतो. हा उतारा आम्ही कित्येक वर्षे शिकविला होता. त्या संध्याकाळी आम्ही शिष्यांच्या बाजूला उभे होतो. पुढच्या आठवड्यात आम्ही त्या बाईंच्या घरी गेलो. मनात सांत्वनाची दोनतीन वचने जुळवून नेली होती; ती सांगण्याची वेळ आली नाही. त्या बोलत राहिल्या. मुलाच्या शाळेपासून शेवटच्या रात्रीपर्यंत सारे त्यांनी सांगितले. आम्ही ऐकले. मुलगा परत आला नाही, हे लिहिलेच पाहिजे. कहाणीतल्या म्हातारीचे तिघेही आले होते.

एखादा चिकित्सक वाचक येथे आम्हांस अडवील. फादर, तुम्ही स्वतः रोज वेदीवर शब्द उच्चारता आणि भाकर भाकर राहत नाही असे मानता. मग गोष्टीने वस्तुस्थिती पालटते यावर तुमचा आक्षेप कसा? आक्षेप रास्त आहे. ट्रेंट परिषदेने १५४७ साली शिकविले की साक्रामेंतांची कृपा विधी घडल्यानेच प्राप्त होते. पण त्या वचनाचा रोख नीट पाहावा. धर्मगुरू किती पुण्यवान, त्याचा आवाज किती गोड, यावर कृपा अवलंबून नाही, असा तो रोख आहे. म्हणजे त्या जर्मन कादंबरीतल्या दैवी कंठाच्या बापाला तेथे जागा नाही. कहाणीतल्या कोणाही सांगणाऱ्याला आहे. आणि घेणाऱ्याने आपले दार लावून घेतलेले नसावे, एवढी अटही तेथे आहे. जादूचा मंत्र म्हणणारा वस्तूवर सत्ता चालवितो. आम्ही जे म्हणतो ती दुसऱ्याने दिलेली गोष्ट आहे. त्या रात्री त्याने काय केले याची ती आठवण आहे, आणि ती बदलण्याचा अधिकार आम्हांस नाही.

याहून जवळचे साम्य आम्हांस दुसरीकडेच दिसते. कहाणीत जेवणाआधी गोष्ट आहे. बाप म्हणतो आधी ऐक, मग खातो; राणी वाढलेले पान तसेच ठेवून श्रोता शोधते. लूककृत शुभवर्तमानाच्या चोविसाव्या अध्यायात अम्माऊसच्या वाटेवरही हाच क्रम आहे. आधी वाटभर शास्त्रलेखांची गोष्ट, मग घरात बसून भाकर मोडणे, मग ओळख. पवित्र मिस्साचे दोन भाग असेच आहेत. १९६३ च्या उपासनाविषयक संविधानाने ते दोन्ही मिळून एकच उपासनाकृती होते असे म्हटले आणि देववचनाचे ताट अधिक भरून वाढावे असे सांगितले. त्यापूर्वी आपल्या वाडवडिलांनी वाचने लॅटिनमध्ये ऐकली. न समजणारी गोष्ट भक्तिभावाने ऐकत ते बसले, हे त्यांच्या श्रवणाचे मोठेपण म्हणावे की आमच्या सांगण्याचे उणेपण, हे आम्ही वाचकांवर सोडतो. आज वाचने मराठीत आहेत आणि पहिले वाचन चालू असताना मंडळी आत येत असतात. राणीसारखे, वेळ नसतो.

साम्य ओढूनताणून आणू नये हेही खरे. कहाणीतील फळ या लोकीचे आहे: सोने, पाणी, मुलगे, हातपाय. शुभवर्तमान अशी हमी देत नाही. शमुवेलाच्या दुसऱ्या ग्रंथात नाथान संदेष्टा दाविदाला गरिबाच्या मेंढीची गोष्ट सांगतो आणि गोष्टीच्या शेवटी दावीद तोच राजा राहत नाही. उरीया मात्र मेलेलाच राहतो. कथा काय करू शकते आणि काय नाही, हे इतक्या कठोर प्रामाणिकपणे सांगितलेले आम्हांस अन्यत्र आढळले नाही. रविवारच्या कहाणीला हा प्रामाणिकपणा साधलेला नाही, पण तिची भूक खरी आहे. मुलगा परत यावा असे त्या म्हातारीला वाटते तसेच साक्रिस्तीच्या दाराशी उभ्या असलेल्या त्या बाईलाही वाटत होते, आणि ते वाटणे काही कमी प्रतीचे नाही.

हा लेख लिहिण्यापूर्वी आम्ही ही कहाणी आमच्या धर्मग्रामातील महिला मंडळात वाचून दाखविली. काहींना धर्मगुरूने कहाणी वाचावी हेच नवल वाटले. चर्चा मोती आणि मोळी यांवर चालली असता मागे बसलेल्या एका वृद्ध बाईंनी चौथ्या मुक्कामाचा भाग पुन्हा वाचावयास सांगितला. त्या भागात तो हातपाय नसलेला जीव रस्त्यावर पालथा पडलेला असतो. राणीची माणसे त्याला उताणा करतात, त्याच्या अंगावर पाणी घालतात, तीन मोती त्याच्या अंगावर ठेवतात, आणि त्यानंतर राणी कहाणी सांगू लागते. आम्ही वाचून थांबलो. बाई म्हणाल्या, ‘‘पहिल्या तिघांना बोलवून आणलं होतं. हा येऊ शकत नव्हता. त्याला आधी उताणा केला, धुतला, अन् मग गोष्ट सांगितली. ते तुम्ही मघाशी भरभर वाचलं, फादर.’’